अकरावा परिच्छेद

मार्गशीर्षातल्या गुरुवारी सावळीराम आणि मैना उजाडायच्या आत शेवंतीच्या वाफ्यांत उतरत. दव अंगावर असतानाच फूल खुडावे लागे; ऊन चढले की पाकळ्या सैल पडत आणि बाजार गाठेपर्यंत फूल दमून जाई. दोघे कमरेला फडके बांधून ओळीच्या दोन बाजूंनी, फारसे न बोलता पुढे सरकत. ओटी भरली की मैना मळ्यातल्या घराच्या पडवीत येई, ओल्या गोणपाटावर फुले मोकळी करी आणि पुन्हा वाफ्याकडे वळे.

पडवीतले काम साधनाचे होते. ती उठून तोंड धुई, चहा करून आईवडिलांसाठी झाकून ठेवी आणि मग बाकावर बसे. हा बाक सावळीरामने जुन्या दाराच्या फळीचा करून घेतला होता. त्यावर बसण्याची तिची एक ठरलेली रीत होती. आधी डावा पाय जमिनीवर घट्ट रोवायचा, डाव्या हाताने पडवीचा खांब धरायचा, अंग हळूहळू खाली सोडायचे आणि मग दोन्ही हातांनी उजवी मांडी उचलून तो सरळसोट पाय समोरच्या पालथ्या क्रेटवर ठेवायचा. तिचा उजवा गुडघा वाकत नव्हता. डॉक्टरांनी हाडे एकमेकांशी सांधली तेव्हाच सांगितले होते की पाय उभे राहायला उपयोगी पडेल, बसायला नाही.

एकदा बसली की तिचे हात मोकळे होत. पूर्ण उमललेली शेवंती हारासाठी एका बाजूला, अर्धी मिटलेली वेणीसाठी दुसऱ्या बाजूला. निशिगंधाच्या लांबट देठातून सुई उभी न्यायची, शेवंतीच्या बुडातून आडवी. वेणीला सुई नको. केळीच्या सोपटाचा भिजवलेला धागा बोटांभोवती फिरवून फुले गाठीत धरायची. लग्नाच्या हारांना मात्र ती घाई करत नसे. दोन हार जोडीने ओवावे लागत, एकाच वजनाचे, एकाच उंचीचे. एक हार इंचभर खाली ओढला गेला तरी फोटोत दिसते, असे तिचे म्हणणे होते.

उन्हाची पहिली तिरीप क्रेटपर्यंत आली की मळ्याच्या वाटेवर एम-एटी दुचाकीचा आवाज येई. घरात कोणी तसे बोलून दाखवत नसे, पण मैना तेवढ्यात दुसरा चहा टाकत असे.

शेखरचे इंदिरानगरला फुलांचे लहानसे दुकान होते. मूळ घोटीचा, वडील लहानपणीच गेले, आईने आणि मामाने वाढवले. इंदिरानगरात नव्या सोसायट्या उठल्या तसा त्याचा धंदा बरा चालू लागला होता. त्याच्या दुकानातून मखमलाबादच्या या मळ्यावर यायचे म्हणजे आख्खे शहर ओलांडायचे, आणि वाटेत फुलबाजार लागतोच. तरीही तो हार इथूनच नेई.

"आज शेवंती बारीक आलीय," गाडी लावत तो म्हणाला.

"मग बाजारातून मोठी घ्या," साधना म्हणाली. "तिथे कोणी अडवलंय?"

"बाजारात घासाघीस करावी लागते."

"इथे नाही करत?"

"इथे तुम्ही करू देत नाही."

मैनाने आतून खाकरून कप पुढे केला. शेखरने उभ्यानेच चहा प्यायला, हार ओल्या फडक्यात गुंडाळून करंडीत ठेवले, वर केळीचे पान अंथरले. करंडी गाडीला बांधताना तो प्रत्येक गाठ दोनदा ओढून पाहत असे. दुसऱ्या गाठीची तशी गरज नसते, हे साधनाला ठाऊक होते.

गाडीचा आवाज कॅनॉलच्या पुलापर्यंत ऐकू येई, मग झाडांत विरून जाई. त्यानंतरचा सगळा दिवस तिला लांब वाटे. फुले संपलेली असत, हाताला वास उरलेला असे, आणि उद्या सकाळपर्यंत त्या वासाखेरीज दुसरे काही नसे.

अपघात झाला तेव्हा ती बारावीला होती. सत्त्याण्णव साल, दसऱ्याच्या आदल्या दिवसाची पहाट. झेंडूने भरलेल्या टेम्पोत मागे पाट्यांना टेकून ती बसली होती. पेठ नाक्याच्या अलीकडे मागून आलेल्या ट्रकने टेम्पो उडवला. चालक परप्रांतीय होता, ट्रकमालक आणखी कुठला. त्यातले कोणी नंतर कधी दिसले नाही. समोर उरली ती विमा कंपनी, आणि कंपनी म्हणजे कोर्टात दर तारखेला नवी फाईल घेऊन येणारे एक गृहस्थ.

दावा मोटार अपघात न्यायाधिकरणात गायधनी वकिलांनी लावला. ते सावळीरामकडून नेहमी पूजेची फुले नेत. फी निकालानंतर पाहू, असे स्वतःहून म्हणाले होते. पहिल्याच भेटीत त्यांनी साधनाला समोर बसवून नुकसानभरपाईचे हिशेब समजावले होते. औषधपाण्याचा खर्च वेगळा, सोसलेल्या वेदनेचा वेगळा, कमाई कमी झाली त्याचा वेगळा. मग कागदाकडे पाहत ते म्हणाले होते, "आणि तरुण मुलीच्या बाबतीत कायदा आणखी एक नुकसान धरतो. लग्नाची शक्यता कमी होणं. वाईट वाटून घेऊ नका. मागायला हवं."

तिला तेव्हा वाईट वाटले नव्हते. वाईट वाटायला वेळच नव्हता. पाय प्लास्टरमध्ये होता. पुढे मात्र ते वाक्य तिच्यासोबत राहिले. एक न्यायाधीश बदलून गेले, दुसरे आले. ट्रकमालकाची नोटीस दोनदा परत आली. दर लग्नसराईत तिच्या हातून जोडीचे हार जात राहिले. बरोबरीच्या मुली एकेक करून सासरी गेल्या, पहिल्या बाळंतपणाला माहेरी आल्या. घरात कधी कोणी स्थळाचा विषय काढला नाही. तेव्हा तिने मनाशी धरले की वकील म्हणाले ते खरेच होते. कायद्याला हे आपल्याआधी कळले होते. त्यात रडण्यासारखे काही नाही, असेही तिने ठरवले होते, आणि शेखरची गाडी पहिल्यांदा वाटेवर वाजली तोवर तो निश्चय बऱ्यापैकी टिकला होता.

मार्गशीर्षाचा दुसरा गुरुवार झाला आणि तीन दिवसांनी नवसाबाई आल्या. शेखरची आई. काटक, ठेंगण्या, नऊवारी घट्ट नेसलेल्या. हातात नव्या तांदळाची पिशवी. सावळीरामने पडवीत घोंगडी अंथरली आणि त्या मांडी घालून खाली बसल्या. साधना बाकावर होती. पाहुणी खाली आणि आपण वर, या विचाराने ती इतकी ओशाळली की खांब धरून उठायला लागली.

"बस गं, बस," म्हणत नवसाबाई स्वतःच उठल्या आणि बाकावर तिच्या शेजारी येऊन टेकल्या. "हितनं मळा चांगला दिसतोय."

पाणी झाले, चहा झाला. नवसाबाईंनी पिशवी मैनाकडे सरकवली.

"आमचा शेखर रोज एवढ्या लांब येतो फुलाला. मी म्हनलं, इंदिरानगरला फुलं मिळत नसतील. मग कळलं, बाजार तर वाटंवरच हाय. तवा म्हनलं, जाऊन बघावं तरी, कोनतं फूल हाय ते."

मैनाने पदर तोंडाला लावला. साधनाने हातातली सुई शेवंतीत खुपसली आणि तशीच धरून ठेवली.

सावळीराम हसला नाही. "तिच्या पायाचं तुम्हाला ठावं हाय ना?"

"डोळे हायेत मला."

"तिला मांडी घालता येत नाय. पाटावर बसता यायचं नाय."

"पाटाला चार पाय लावले की त्याचा चौरंग व्हतो. घोटीत सुतार हायेत."

आता मैना मोकळेपणाने हसली. सावळीरामने मात्र टोपी काढून मांडीवर ठेवली; अवघड बोलायचे असले की तो असे करी.

"बाई, तुमचं मन मोठं हाय. पोरगाबी गुणी हाय, मी रोज बघतो. पन केस चालू हाय. ती संपंपर्यंत सुपारी फोडता यायची नाय."

"कसली केस? कोनी मारामारी केली?"

सावळीरामने सांगितले. ट्रक, विमा कंपनी, आणि मुलीचे लग्न होत नाही म्हणून मागितलेली भरपाई. नवसाबाई नीट लक्ष देऊन ऐकत होत्या. सगळे ऐकून त्यांनी बोटे मोजल्यासारखी केली.

"म्हंजे लगीन व्हत नाय म्हनून पैसं मिळनार. आन् पैसं मिळालं की लगीन करनार."

"तसंच काहीसं."

"आन् किती दिस?"

"सहा वरसं होतील आता. वकील म्हनतात, अजून साल-दोन साल."

नवसाबाईंनी समोरच्या वाफ्याकडे पाहिले. "आमच्याकडं भाताचं रोप तयार झालं की लावावंच लागतं. तसंच ठिवलं तर पिवळं पडतं, मग कितीबी चिखल करा, धरत नाय." मग आवाज खाली आणून त्या म्हणाल्या, "माझ्या भावानं, लहानूनं, इगतपुरीकडचं एक स्थळ आणलंय. बापामागं त्यानंच पोराला वाढवलं. त्याचा शब्द मला मोडता यायचा नाय. पौषात कोनी काय करत नाय, म्हनून तो थांबलाय. पौष लागायच्या आत तुमची सुपारी फुटली, तर मी त्याला सांगंन, आमचं ठरलं. माघ उजाडला की माझ्या हातात काय नाय, दादा."

जाताना त्यांनी साधनाच्या केसांवरून हात फिरवला.

दुसऱ्या दिवशी शेखर आला तेव्हा चहाचा कप त्याने बराच वेळ हातात धरून ठेवला. मैना मुद्दाम मागच्या दारी गेली होती.

"तुमच्या केसच्या पैशात मला काही नको," तो म्हणाला. "पण तुमचे वडील म्हणतात तेही उगीच नाही. उद्या कोणी म्हणायला नको, माझ्यामुळे तुमचं नुकसान झालं."

"तुम्हाला काय वाटतं?"

"मी मामाला थांब म्हणू शकतो. पण किती दिवस, ते मला माहीत नाही."

"ते नाही विचारलं. तुम्हाला स्वतःला काय वाटतं?"

शेखरने कप बाकावर ठेवला. "मला वाटतं, तुम्ही दुकानात बसावं. दुकानाचं टेबल मी उंच करून घेतलंय. उंच स्टूल ठेवलं की पाय लांब करून बसता येतं. मी बसून पाहिलं एक पाय ताठ ठेवून."

"कधी केलंत?"

"दिवाळीच्या आधी."

म्हणजे कोणाला काही विचारायच्याही आधी. साधना हसली नाही. तिला हसू आले असते तर बरे झाले असते. तो गेल्यावर ती बराच वेळ हात न हलवता बसून राहिली. एखादा माणूस रिकाम्या दुकानात एक पाय ताठ करून बसला आहे आणि कुणी पाहत तर नाही ना म्हणून रस्त्याकडे बघतो आहे, असे काहीसे तिच्या डोळ्यांसमोर पुनःपुन्हा येत होते. आपल्या पायाचा विचार इतरांनीही केला होता. डॉक्टरांनी अंशांत केला, कोर्टाने टक्क्यांत. पण त्या पायाने बसून पाहणारा कोणी भेटला नव्हता.

तिची साक्ष पुढच्या आठवड्यात होती. नव्या नियमाप्रमाणे साक्षीदाराने आपले म्हणणे आधी शपथपत्रावर लिहून द्यायचे आणि मग उलटतपासाला उभे राहायचे. म्हणून त्याच आठवड्याच्या सोमवारी सावळीराम तिला घेऊन मेहेर चौकाजवळच्या गल्लीत गायधनी वकिलांच्या कचेरीत गेला. वकील साठीचे, बोलायला हळू. भिंतीकडेची खुर्ची त्यांनी स्वतः सरकवली आणि साधनाचा पाय लांब करता यावा म्हणून फायलींचा एक गठ्ठा उचलून बाजूला ठेवला.

टंकलिखित कागद ते वाचून दाखवू लागले. नाव, वय, अपघाताची तारीख. शस्त्रक्रिया. जमिनीवर बसता येत नाही, शौचास खुर्ची लागते, मळ्यातील काम करता येत नाही. साधना ऐकत होती. सगळे खरे होते आणि सगळे दुसऱ्या कोणाचे तरी वाटत होते.

"परिच्छेद अकरा," वकील म्हणाले. "'सदर अपघातामुळे आलेल्या कायमच्या अपंगत्वामुळे मला आजपावेतो विवाहासाठी एकही स्थळ आलेले नाही व यापुढेही येण्याची शक्यता नाही.'" त्यांनी चष्म्यावरून सावळीरामकडे पाहिले. "कंपनीचे वकील यावर नक्की विचारतील, की लग्नासाठी तुम्ही प्रयत्न काय केले? तुमच्या समाजाचा वधू-वर मेळावा भरतो ना दरवर्षी? हिला नेलं होतंत ना?"

"नाय, साहेब. मुद्दामच नाय नेलं."

"मुद्दाम?"

"कंपनीचा मानूस तिथं असला तर? म्हनंल, पोरगी मेळाव्याला आली, म्हंजे लगीन व्हनार. मग कशाला पैसं देतील?"

वकिलांनी कागद खाली ठेवला. "अहो सावळीराम, नेमकं उलट आहे. नेलं असतं आणि कोणी विचारलं नसतं, तर तोच आपला पुरावा झाला असता."

"कोनी विचारलं नसतं, असं कसं?" सावळीरामच्या आवाजात नकळत बापाचा अभिमान आला. "न नेताच विचारलं की. एक ओझरचं व्हतं, पोरगा कारखान्यात कामाला. एक पिंपळगावचं, त्यांची द्राक्षबाग. पायाचं ठावं असून आले व्हते. मीच हात जोडले. म्हनलं, केस संपू द्या. आन् कंपनीच्या कानावर जायला नको म्हनून घरातबी बोललो नाय. हिच्या आईलाबी नाय."

बोलून गेल्यावर त्याला कळले की तो काय बोलला. खोलीत टाइपरायटरचा आवाज चालू होता. बाहेरच्या टेबलावरचा टंकलेखक दुसऱ्याच कुणाचे काही टाइप करत होता.

"कोणत्या वर्षी, नाना?" साधनाने विचारले.

"ओझरचं... तू एकवीसची व्हतीस. दुसरं त्याच्या पुढच्या साली."

एकविसावे वर्ष तिला आठवले. त्या मार्गशीर्षात तिने आत्तेबहिणीच्या लग्नाचे हार केले होते आणि मांडवात न जाता मळ्यातच थांबली होती. आपल्याला बघून लोकांना काय बोलावे ते सुचत नाही, म्हणून. ओझरचा मुलगा तिला हवा होता असे नाही. तिने त्याला पाहिलेही नव्हते. पण आपल्याला कोणी विचारतच नाही, अशा समजुतीत जी वर्षे गेली, ती आता अचानक परत मागावीशी वाटली, आणि ती कोणाकडे मागायची ते कळेना. त्यांच्यासाठी कोणत्याही अर्जात रकाना नव्हता.

"तुझ्याच नावावर ठिवनार व्हतो गं," सावळीराम म्हणाला. टोपी त्याच्या हातात होती. "मी काय जन्माला पुरनार नाय. मानूस आज चांगला असतो, उद्या फिरतो. लंगडी म्हनून टाकून दिली तर? बँकेतली ठेव फिरत नाय, साधना. तेवढंच मला दिसत व्हतं."

त्याचे डोळे भरले नव्हते. तो आपली बाजू मांडत होता, इतकेच. आणि ती बाजू खोटी नव्हती. तिचा राग कुठे बसवावा हे तिला कळले नाही. शेवटी तिने तो कुठेच बसवला नाही.

वकील खाकरले. "यावर मार्ग आहे. 'योग्य स्थळ आलेले नाही' असं लिहू. योग्य म्हणजे काय, ते ज्याचं त्यानं ठरवायचं. सगळे तसंच लिहितात."

"आत्ता एक आलंय," साधना म्हणाली. "योग्य आहे."

गायधनींनी एकदा तिच्याकडे आणि एकदा सावळीरामकडे पाहिले. सावळीराम टोपीची घडी मोडत होता आणि पुन्हा घालत होता.

"मग नीट ऐका," वकील म्हणाले. "हा परिच्छेद गेला, की त्यापोटीची मागणी गेली. बाकीचं राहील. पायाचं, औषधाचं, कमाईचं. पण हे बरंच मोठं नुकसान आहे, आणि एकदा सोडलं की परत मागता येणार नाही. तुमच्या वडिलांची काळजीही चुकीची नाही. असे संसार मोडून आलेल्या बायका या खुर्चीवर बसून गेल्यात. साल-दीड साल थांबलात, तर निकाल लागून जाईल. मी वकील म्हणून हेच सांगेन."

"परवा त्यांनी शपथेवर विचारलं, स्थळ आलं का, तर मी काय सांगायचं?"

"खरं असेल ते."

"म्हणजे वर्षभर थांबायचं, ते खरं व्हायला नको म्हणून."

टेबलावरचा पंखा कागदाची कडा उचलत होता. वकिलांनी ती बोटाने दाबून धरली.

"सही माझी आहे ना?" तिने विचारले.

"तुमचीच. अर्जदार तुम्ही आहात."

"मग काढून टाका."

"दुसरं काही लिहू त्याजागी?"

"नको. नुसता काढून टाका."

गायधनींनी पेन उघडले. अकराव्या परिच्छेदाच्या प्रत्येक ओळीवर त्यांनी पट्टी धरून सरळ रेघ ओढली, जसे एखादे काम नीटच करायचे असते तसे, आणि समासात बोट ठेवले. तिने तिथे सही केली. मग शेवटच्या पानावर. सावळीराम पाहत होता. त्याने तिच्या पायाआडची पिशवी उचलून आपल्या खांद्याला लावली, ती उठताना अडखळू नये म्हणून.

कोर्टात शपथ देणाऱ्या अधिकाऱ्यासमोर लांब रांग होती. तिचा नंबर आला तेव्हा त्याने मान वर न करता विचारले, "मजकूर वाचला? खरा आहे?"

"खरा आहे."

शिक्का बसला. पुढचा माणूस पुढे सरकला.

बाहेर ऊन डोक्यावर आले होते. सीबीएसच्या बसस्थानकात दोघे शिरले तेव्हा सावळीराम सवयीने मखमलाबादच्या बसकडे वळला आणि चार पावले गेल्यावर त्याला कळले की मागून पाय ओढल्याचा आवाज येत नाही. साधना पलीकडच्या फलाटाशी उभी होती.

"मखमलाबादची हिकडं लागती गं."

"माहीत आहे, नाना."

"आई वाट बघत आसंल."

"तुम्ही जा. मी इंदिरानगरला जाऊन येते. त्यांना सांगते, आईंना निरोप द्या, पौष लागायच्या आत या म्हणून."

सावळीराम जवळ आला. भोवताली माणसे होती, म्हणून तो अगदी हळू बोलला. "असा निरोप पोरीनं घेऊन जायचा नसतो, साधना. लोक काय म्हनतील?"

"मग तुम्ही चला."

त्याने दुसरीकडे पाहिले. शेंगदाणेवाला ओरडत गेला, मखमलाबादची बस भरली आणि मागे घेत निघून गेली. सावळीरामने ती जाताना पाहिली आणि हात केला नाही.

इंदिरानगरची बस आली. माणसे दाराशी दाटली. साधनाने गर्दी ओसरू दिली, दांडा धरला, डावा पाय पायरीवर रोवला आणि उजवा वर ओढून घेतला. "चला बाई, चला, मागची गाडी वाजवतेय," कंडक्टर म्हणाला. ती पुढच्या आडव्या बाकावर, पाय लांब करता येईल अशा जागी बसली. तिने मागे वळून पाहिले नाही.

बस सुटली. तिकिटांच्या पेटीवर पंच वाजवत कंडक्टर तिच्यापर्यंत येण्याआधी त्याला मागून कोणीतरी थांबवले.

"इंदिरानगर," सावळीराम म्हणत होता. "दोन द्या."